हात वर जायच्या आधी

कर्जतजवळच्या स्टुडिओत एका गाण्याचं शूटिंग होतं. मागे नाचायला त्यांना आसपासच्या गावांतल्या खऱ्या जोड्या हव्या होत्या. पळसदरीहून मी आणि नवरा गेलो. लोकांच्या हळदीत आम्ही दोघं झकास नाचायचो, ते काही खोटं नाही.

गाणं नवराबायकोच्या भांडणाचं. डान्समास्तर आकडे मोजायचा. सहाला नवऱ्यांनी हात उगारायचा, सातला बायकांनी वाकायचं, आठला त्यांच्या पायाशी बसायचं. हात गालापासून वीतभर लांब थांबवायचा, असं त्याने दहादा बजावलं होतं.

बाकीच्या बायका खिदळत सातला वाकल्या. मी पाचलाच वाकले. दुसऱ्यांदाही पाचलाच.

“अहो ताई, हात तर वर येऊ द्या!” मास्तर खेकसला. “एवढी कसली घाई?”

“मास्तर, हात उठायच्या आधी याचा खांदा हलतो. मला दिसतो ना तो!” तोंडून निघूनच गेलं.

नवरा दात काढून म्हणाला, “घाबरट हाय ती, मास्तर. लाडावून ठेवलीय मी.” पण या बोलण्याची वसुली तो करणार, हे मी समजले.

कॅमेरा चालू करून खरा टेक घेतला, तेव्हा मी दात आवळून सातपर्यंत उभी राहिले. हात थांबलाच नाही. कानाखाली जाळ निघाला, तोंडात रक्ताची चव आली.

“वा! एकदम खरं वाटलं!” मास्तर टाळ्या पिटत ओरडला. “हेच पुन्हा एकदा!”

पुन्हा? मेल्या, पुन्हा? माझं टाळकंच सरकलं. या वेळी खांदा हलला तशी मी नवऱ्याच्या मनगटाला कडकडून चावले. त्याने मला केसांना धरून फरफटवलं, मी त्याचं तोंड नखांनी ओरबाडलं. चौघांनी मिळून सोडवलं आणि आम्हाला हाकललं. घरी त्याने मला पट्ट्याने फोडून काढलं. तरी मी राहिले. लेकीसाठी राहते, असं सगळ्यांना सांगायचे.

गाणं मोबाईलवर आलं, तेव्हा नवऱ्याने ओट्यावर बसून अख्ख्या आळीला दाखवलं. माझं चावणं कापलेलं, थप्पड तेवढी ठेवलेली. शिट्ट्या पडल्या. सात वर्षांची लेक माझ्या मांडीवर बसून बघत होती. पडद्यावर बापाचा खांदा हलला. हात अजून खालीच होता, आणि पोरीने दोन्ही हातांनी डोकं झाकून घेतलं.

मी तशीच उठले. तिला कडेवर घेतलं, कर्जतला आले आणि माहेरी जायला कशेळ्याची जीप धरली. दोन गावं मागे पडेपर्यंत तिने डोक्यावरचे हात काढले नाहीत.