नॉइसम म्हणजे गजबजलेलं

हे मी नवऱ्याला सांगितलेलं नाही. बहिणीलाही नाही, जिला मी सासूच्या कुरबुरीपासून स्वतःच्या पित्तापर्यंत सगळं सांगते. देवापुढे हात जोडले तरी हा विषय आला की लगेच दुसरंच काहीतरी मागायला लागते. तुम्हाला सांगते, कारण तुम्ही मला ओळखत नाही. आणि ओळखत असाल तर... असू दे. तरी सांगते.

गोष्ट एका शब्दाची आहे. हसाल तुम्ही. माणसं जमिनीवरून भाऊबंदकी करतात, आंब्याच्या कलमांवरून कोर्टात जातात, आणि ही बाई एका इंग्रजी विशेषणाचं घेऊन बसलीय! पण मी इंग्रजीची शिक्षिका आहे हो. रत्नागिरीतल्या एका इंग्रजी माध्यमाच्या शाळेत माझी निम्मी हयात गेली. शब्द हीच माझी इस्टेट. आणि इस्टेटीवरून माणूस काय करेल, सांगता येतं का?

शब्दांच्या बाबतीत मी खडूस आहे, हे आधीच कबूल करते. कोणी ‘माझ्या अपरोक्ष’ म्हणून ‘माझ्या पाठीमागे’ असा अर्थ काढला, की मी त्याला तिथल्या तिथे थांबवते. अपरोक्ष म्हणजे डोळ्यांसमोर, उलटं वापरताय तुम्ही! एकदा तर शाळेच्या ट्रस्टींना भर मीटिंगमध्ये टोकलं. स्टाफरूममध्ये माझ्यासमोर बोलताना लोक जपून बोलतात. मला ते आवडायचं. आवडायचं म्हणजे — फार आवडायचं.

ही खोड बाबांची. तेही इंग्रजीचेच मास्तर. लहानपणी एकदा मी निबंधात लिहिलं, की मधल्या सुट्टीत आमची शाळा ‘नॉइसम’ असते. नॉइज म्हणजे आवाज, म्हणून नॉइसम म्हणजे गलबल्याची, असा माझा साधा हिशोब. बाबा इतके हसले, की आई स्वयंपाकघरातून बाहेर आली. मग आलेल्या-गेलेल्या प्रत्येकाला ते सांगत सुटले. आत्याला, शेजारच्या वकिलांना, अगदी दूधवाल्यालासुद्धा, ज्याला त्यातलं काही कळलं नाही. कारण नॉइसमचा आवाजाशी काडीचा संबंध नाही. तो शब्द ‘अ‍ॅनॉय’च्या घराण्यातला. अर्थ — किळसवाणा, घाण वास येणारा, नाकाला रुमाल लावायला लावणारा. बोलण्यात तो आता कोणी वापरत नाही. जुन्या पुस्तकांत भेटतो तो गटाराबरोबर, तुंबलेल्या डबक्याबरोबर, कोंदट तुरुंगाबरोबर. म्हणजे तो शब्द मला पाठ होता, आणि त्या शब्दावरून हसलं गेलं की कुठे लागतं, तेही मला पाठ होतं. हे लक्षात ठेवा. नकळत घडलं असं मला म्हणताच येत नाही.

आता दर्शना.

ती आमच्याकडे लागली तेव्हा नुकतीच बी.एड. झालेली. मांडवीची. वडील बोटीवर जायचे, ते लवकर गेले. आईने मासे विकून हिला आणि धाकट्या भावाला वाढवलं. शिकली मराठी शाळेत. आणि तरी ती इंग्रजी बोलायला लागली, की व्हरांड्यातून जाणारा माणूस थांबायचा. व्याकरणात चुका असायच्या. मी मनात मोजायचे त्या. पण वाक्याच्या शेवटी आपला कोकणातला हेल यायचा आणि तो तिला शोभून दिसायचा. तोच हेल मी लहानपणी बाबांच्या धाकाने घासूनपुसून काढला होता. माझ्या तासाला मुलं उत्तरं द्यायची. तिच्या तासाला मुलं बोलायची. भिंतीपलीकडून तो गोंगाट यायचा, आणि मी फळ्यावर व्हॉइस बदलायचे नियम लिहीत उभी असायचे.

मी जळत होते. दुसरा शब्द वापरत नाही. तिने केसांत अबोलीचा वळेसर माळला तरी मला खुपायचं. ती डबा उघडून ‘ताई, सुकट घ्या ना थोडी’ म्हणायची आणि मी नाक मुरडायचे. मुरडायचे म्हणजे अगदी जरासं, बघणाऱ्याला कळेल न कळेल इतपत. तिला कळत असेल का? पुढे पुढे ती डबा खिडकीशी नेऊन खायला लागली.

दरवर्षी गॅदरिंगला पाहुण्यांचं इंग्रजीतून स्वागत मी करायचे. ते माझंच होतं, असं कोणी लिहून दिलं नव्हतं, पण होतं. त्या वर्षी मोठ्या बाई मीटिंगमध्ये म्हणाल्या, “यंदा दर्शनाला देऊ या. काहीतरी ताजं होईल.” ताजं! म्हणजे मी शिळी? सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, “अगदी. सुटले एकदाची.” आणि चांगली हसलेसुद्धा.

त्यानंतर काही दिवसांनी ऑफ तासाला दर्शना लायब्ररीच्या खोलीत माझ्याकडे आली. वाचून दाखवते म्हणाली, चुका सांगा. हातात मोबाइल होता, त्यात डिक्शनरी होती, जग होतं. पण ती म्हणायची, “ताई असताना गूगल कशाला?”

तिने वाचलं. काय सांगू तुम्हाला? मी इतकी वर्षं स्वागत करायचे त्यात दीपप्रज्वलन असायचं, पुष्पगुच्छ असायचा, आमच्या आमंत्रणाला मान दिल्याबद्दल ऋण असायचं. हिने सांगितलं होतं तिच्या घरातल्या सकाळचं. बर्फ फोडण्याचा आवाज, टोपल्या, दारातून एकमेकींना हाका मारणाऱ्या बायका. जेटीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पोचणारा तिच्या आईचा आवाज. ‘चार माणसांपुढे कसं बोलावं हे मी त्या आवाजाकडून शिकले, म्हणून आज तुमचं स्वागत मी त्याच आवाजात करते.’ असं काहीतरी. इंग्रजीत ते आणखी चांगलं होतं. आणि आई स्वतः येणार होती ऐकायला. माझ्या एवढ्या वर्षांच्या भाषणांत एकदाही माझी आई नव्हती. मी ऐकत बसले आणि माझ्या पोटात खरोखरच दुखायला लागलं.

त्यात ते वाक्य आलं. ‘माय नॉइसम मदर, अवर नॉइसम हाऊस.’

ती थांबली. म्हणाली, “नॉइझी म्हटलं तर भांडकुदळ वाटते ना आई? हा शब्द मी कुठेतरी वाचलेला. हॅण्डसम, होलसम असतं तसं नॉइसम. आवाजाने भरलेली. बरोबर ना, ताई?”

बघा, माझीच चूक. हुबेहूब. मराठीत विचार करणाऱ्या मुलीने इंग्रजी शब्दाला शेपूट लावून बघावं आणि फसावं, तशी. मला तिला जवळ घ्यायला हवं होतं. बाबांची गोष्ट सांगून दोघींनी पोट धरून हसायला हवं होतं.

मी म्हटलं, “हो. गजबजलेलं. नॉइझीपेक्षा वजन आहे त्याला.”

एवढंच. मग पुढच्या वाक्यात एक ‘द’ राहिला होता तो सांगितला. एक क्रियापद सुधारलं. म्हणजे तपासणी चोख झाली, असं तिला वाटावं.

क्षणभर भान सुटलं असेल, असं म्हणाल तुम्ही? नाही. मध्ये बरेच दिवस होते. ती रोज भेटायची. रोज सकाळी मी ठरवायचे, आज सांगू. आणि रोज कोणीतरी तिचं कौतुक करायचं. रंगीत तालमीला मी पहिल्या रांगेत होते. तिने ते वाक्य जरा घाईत उरकलं. मी खालून म्हटलं, “दर्शना, सावकाश. तो शब्द ऐकू गेला पाहिजे.” ती मान डोलावून हसली. हे मी केलं. झोपेत नाही, तापात नाही. केसाने गळा कापणं म्हणतात, ते मी असं शांतपणे बसून केलं.

गॅदरिंगला तिची आई आली. मोरपिशी साडी, दंडाला नवा ब्लाउज घट्ट झालेला, अंगाला पावडरचा वास. मोठ्या बाईंनी तिला माझ्याच शेजारी बसवलं. “तुम्हीच त्या ताई ना? पोरगी सारखी तुमचाच नाव घेते,” म्हणाली. दर्शना बोलली. सावकाश बोलली. शब्द मागच्या भिंतीपर्यंत ऐकू गेला. काही पालकांनी एकमेकांकडे पाहिलं. बाकीच्यांना काही कळलं नाही. टाळ्या जोरात पडल्या. मला वाटलं, निभावलं. खरं सांगू? वाईट वाटलं मला. निभावलं म्हणून.

पण पाहुणे मुंबईहून आलेले, मोठ्या हुद्द्यावरून निवृत्त झालेले, इंग्रजीवर प्रेम असलेले गृहस्थ होते. वाईट माणूस नव्हता. विनोदी होता. आपल्या भाषणात ते इंग्रजीतून म्हणाले, की बाईंनी आपल्या आईचं वर्णन केलं ते धाडसी आहे. या शब्दाचा अर्थ दुर्गंधीयुक्त. पण फिश मार्केटच्या बाबतीत ते अगदीच अचूक म्हणावं लागेल. आधी इंग्रजी कळणारे हसले. मग ते हसले म्हणून बाकीचे हसले. मागे बसलेली नववीची मुलं तर बाकं बडवायला लागली. दर्शना स्टेजवर खुर्चीत होती. ती पाहुण्यांकडे बघत नव्हती. ती आईकडे बघत होती.

आई माझ्याकडे वळली. तीही हसत होती, सगळे हसत होते म्हणून. “फिश फिश बोललान ना तो? आमच्या धंद्याचा काय सांगितलान ओ?”

मी म्हटलं, “तुमच्या कष्टांचं कौतुक केलं.”

तेव्हा ती बाई खुर्चीतून अर्धी उठली आणि तिने स्टेजकडे बघून, त्या पाहुण्यांना, दोन्ही हातांनी नमस्कार केला. हसू आणखी वाढलं. दर्शनाने मान खाली घातली.

नंतर काय झालं ते थोडक्यात सांगते. मुलं तिला नॉइसम मिस म्हणायला लागली. आधी पाठीमागे, मग फळ्यावर. मोठ्या मुलांना तो अर्थ माहीत झाला, आणि आईचा धंदा तर माहीत होताच. ती वर्गात पुस्तकात बघून शिकवायला लागली. भिंतीपलीकडचा गोंगाट बंद झाला. पुढच्या जूनमध्ये तिने स्वतःहून बालवाडी मागून घेतली. तिथे गाणी म्हणायची, अक्षरं गिरवून घ्यायची. आता ती इंग्रजी बोलत नाही, अगदी गरज पडल्याशिवाय नाही. स्वागताचं भाषण माझ्याकडे परत आलं. मी ते केलं. त्याही वर्षी केलं, त्यानंतरही केलं. आणि मला ते करताना बरं वाटलं. हेही सांगायला हवं ना?

तिने एकदाही, कोणालाही सांगितलं नाही, की हे मी ताईंना वाचून दाखवलं होतं. मोठ्या बाईंनी विचारलं तेव्हाही म्हणाली, माझाच मूर्खपणा. मला वाटलं होतं, ती नाव घेईल आणि मी उडवून लावीन. उत्तर तयार होतं माझं. ते वापरायची वेळच आली नाही. आणि तुम्हाला सांगते, मला त्याचाही मत्सर वाटला. एवढं मोठं मन तिच्याकडे का असावं, माझ्याकडे का नाही, असा.

इथे थांबता आलं असतं. पण जे सांगायला बसले ते अजून सांगितलेलंच नाही. आत्तापर्यंतचं तुम्ही कदाचित मत्सरी बाईचं एक वाईट काम म्हणून समजून घ्याल.

गॅदरिंगनंतर ती काही दिवस रजेवर होती. परत आली त्या दिवशी स्टाफरूममध्ये आम्ही दोघीच होतो. मी पेपर तपासत होते. ती समोर येऊन उभी राहिली, बसली नाही. म्हणाली, “ताई, रागावू नका. तुम्हाला तो शब्द माहीत होता का?”

मी लाल पेन खाली ठेवलं. तिच्या डोळ्यांत बघितलं. “नाही गं,” मी म्हटलं. “मलाही तोच अर्थ वाटला होता.”

तिचा चेहरा सुटला. खरंच सुटला, खांदेसुद्धा खाली आले. खुर्ची ओढून ती माझ्याजवळ बसली आणि रडायला लागली. म्हणाली, घरी बसून तिने माझ्याबद्दल नको नको ते मनात आणलं होतं. मुद्दाम केलं असेल, जळून केलं असेल, असलं. ज्या बाईने आईला सांभाळून घेतलं, तिला लाज वाटू नये म्हणून वेळेवर कौतुकाचं सांगितलं, त्या बाईबद्दल असा विचार! तिला स्वतःचीच शरम वाटत होती. तिने माझे दोन्ही हात धरले. “मला माफ करा, ताई.”

मी माझा एक हात सोडवून घेतला, तिच्या पाठीवरून फिरवला, आणि म्हटलं, “असू दे गं. झालं ते झालं. मी मनात ठेवत नाही.”

मी तिला माफ केलं.