त्याला अपील, मला नाही

बाइंडिंगच्या दुकानातला थोरला भाऊ माणूस म्हणून वाईट नव्हता हो, पण स्वभाव जळका. एकतीस वर्षं त्यानं वकिलांची जाडजूड पुस्तकं शिवली. अख्खा कायदा त्याच्या बोटांखालून गेला, डोक्यात मात्र पानभरही शिरला नाही. शिवण अशी घट्ट, की कागद फाटेल पण दोरा सुटायचा नाही. पण शिवण जाते कव्हरच्या आत, तिला कोण बघतंय? गिऱ्हाइकाला दिसायचं ते धाकट्याचं काम: वरचं चामडं आणि पाठीवरची सोनेरी अक्षरं. "वा, काय हात आहे!" असं कुणी म्हटलं, की थोरल्याची सुई बोटात घुसलीच म्हणून समजा.

दोघांना काम शिकवलं वस्तादांनी, आणि वय झाल्यावर दुकानही त्यांनीच सोपवलं. अधूनमधून चक्कर मारायचे. धाकट्याच्या अक्षरांवरून बोट फिरवून "शाबास" म्हणायचे. थोरल्याची शिवण जरा ताणून बघायचे आणि न बोलता पुस्तक खाली ठेवायचे. एकतीस वर्षांत एक शाबासकी नाही! धाकट्याच्या मात्र सगळ्या शाबासक्या थोरल्याला तोंडपाठ होत्या.

शेवटी भावांनी वेगळं व्हायचं ठरवलं. यंत्रं, टेबलं, गिऱ्हाइकं, सगळी वाटणी सुरळीत झाली आणि घोडं अडलं वस्तादांच्या पितळी ठशावर. दुकानातल्या प्रत्येक पुस्तकाच्या शेवटच्या पुठ्ठ्याला तो आतून उमटायचा. ज्याच्याकडे ठसा, तो वस्तादांचा वारस, असं सगळा धंदा मानायचा. आता ठसा काही मधोमध कापता येत नाही.

भागीदारीच्या कागदात स्वच्छ लिहिलं होतं, वाद झालाच तर वस्ताद लवाद, ते सांगतील ते दोघांनी ऐकायचं. हे कलम घालायचा हट्ट कुणाचा? थोरल्याचाच! तेव्हा त्याला वाटायचं, वस्ताद आपले आहेत. आता त्याची खात्री होती, ठसा धाकट्याच्या घशात जाणार. म्हणून वस्तादांना टाळून स्वारी थेट कोर्टात गेली, आणि अर्जात लिहून दिलं की लवाद पक्षपाती आहेत.

"नक्की लिहू ना हे?" वकीलबाईंनी विचारलं.

"ठळक लिहा."

धाकट्यानं कोर्टापुढे भागीदारीचा कागद ठेवला. कोर्ट म्हणालं, लवाद तुम्हीच ठरवलाय, तेव्हा वाद त्याच्याकडेच न्या, आणि पक्षपाताची तक्रारही आधी त्याच्यासमोरच मांडा.

"वरच्या कोर्टात जाऊ," थोरला म्हणाला.

"नाही जाता येत. लवादाकडे पाठवायच्या हुकमावर अपील नसतं," वकीलबाई म्हणाल्या. "अपील करता येईल असे हुकूम कायद्यानं मोजकेच ठेवलेत. पाठवायला नकार दिला असता, तर होतं अपील."

"मग तेच करू की!"

"अहो, नकार दिला असता तर तुम्ही जिंकला असतात. अपील तुमच्या भावाला मिळालं असतं."

थोरला बघतच राहिला. "म्हणजे तो हरला असता तर त्याला अपील, आणि मी हरलो तर मला नाही?"

"अगदी तसंच."

झालं, अंगाचा नुसता तिळपापड! घरी आल्यावर बायको म्हणाली, "अहो, कायदा काय भाओजींना ओळखतो का?"

"ओळखतोच! त्यालाही धाकटाच आवडतो."

आठवड्याभरानं वस्तादांनी दोघांना घरी बोलावलं. खिडकीपाशी खाट, उशाला सरसाचं जुनं भांडं, आणि मांडीवर थोरल्याचा अर्ज.

"थोरल्या, वाच. माझ्या डोळ्यांना दिसत नाही."

"वस्ताद, ते वकीलबाईंनी आपलं..."

"वाच की! शिवणीसारखं तोंडही घट्ट झालं का?"

थोरल्यानं वाचलं. "लवाद हे पक्षपाती असून..."

"थांब. खरंय ते."

थोरल्याला मनातून उकळ्या फुटल्या. बघ, शेवटी कबूल केलंच! धाकटा मान खाली घालून बसला होता.

"पण धाकट्याच्या बाजूनं नव्हे रे, तुझ्या," वस्ताद म्हणाले. "याला शाबास म्हटलं नाही तर याचा हात थरथरायचा, म्हणून म्हणत होतो. तुझी शिवण ताणून बघायचो ती चुका शोधायला नाही, बरं वाटायचं म्हणून. स्वतःच्या हाताला कुणी शाबास म्हणतं का? ठसा तुलाच, हे मी कधीच ठरवून ठेवलं होतं. मग पक्षपातीच की मी. असा माणूस लवाद म्हणून बसू शकत नाही. तुझी तक्रार मान्य. कोर्ट दुसरा कुणीतरी नेमेल."

दुसरा कुणीतरी! म्हणजे सोनेरी अक्षरं बघणारा आणि आत दोरा असतो हे गावीही नसणारा. थोरल्यानं भावाकडे बघितलं. धाकट्यानं मान वर केली होती, आणि त्याचा तो चेहरा थोरल्याच्या पुरता ओळखीचा होता. रोज दाढी करताना आरशात तोच दिसायचा.

थोरला तडक वकीलबाईंकडे गेला. "वस्ताद हटले. त्यांना परत बसवा. याच्यावर तरी अपील असेल ना?"

वकीलबाईंनी वस्तादांच्या निर्णयाचा कागद वाचला आणि चष्मा काढला. "तुमचीच तक्रार मान्य झालीय. तुम्ही जिंकलात. जिंकलेल्यानं कसलं अपील करायचं?"