पिवळी गाठ

मुलगी तीन वर्षांची असताना मी हिंजवडीला नोकरी करत होते आणि ती दिवसभर कोथरूडच्या एका पाळणाघरात असायची. पाळणाघर चालवणाऱ्या काकूंचा मला भयंकर हेवा वाटायचा. घरी वरणभाताच्या चार घासांसाठी मला नाचवणारी ही बया तिथे पडवळाची भाजी मागून खायची म्हणे. पडवळाची!

एकदा काकूंनी आम्हा पालकांना आगीच्या सरावाला बोलावलं. त्यांनी जुन्या साड्यांची लांब दोरी वळली होती आणि तिला प्रत्येक मुलासाठी एकेक रंगीत गाठ मारली होती. घंटा झाली की चपला, डबे, खेळणी सगळं टाकायचं, आपली गाठ धरायची आणि रांगेनं फाटकाजवळच्या आंब्याखाली जाऊन बसायचं. काकू नाव घेईपर्यंत गाठ सोडायची नाही.

मी अर्ध्या दिवसाची रजा टाकून, रिक्षावाल्याला घाई करत पोचले. घंटा झाली, पोरं शहाण्यासारखी बाहेर आली. माझी लेक पिवळी गाठ धरून बसली. मला काही राहवेना.

"ये गं बाळा, आई आली बघ!"

तिनं माझ्याकडे पाहिलं, मग काकूंकडे पाहिलं आणि गाठ आणखी घट्ट धरली. मी पुन्हा हाक मारली, जरा जोरात. ती जागची हलली नाही. बाकीच्या आया कौतुकानं हसल्या. माझा नुसता जळफळाट झाला. पोर माझी आणि परवानगी हिची?

"अहो, आपण हाक मारायची नाही," काकू म्हणाल्या. "एक उठलं की सगळी उठतात. मग आत कोण राहिलं, ते कसं कळायचं?"

"मी आई आहे तिची."

"इथे सगळ्या आयाच आल्यात."

त्यांनी नाव घेतल्यावर ती धावत येऊन मला बिलगली. तेवढ्यानं माझं समाधान व्हायला हवं होतं, झालं नाही.

संध्याकाळी तिनं माझ्या ओढणीला गाठी मारायला लावल्या आणि बाहुल्या ओळीत बसवल्या.

"मी काकू," ती म्हणाली.

"आणि मी?"

"तू आई. तू तिकडे दारात थांब."

मी थांबले. तिनं एकेका बाहुलीचं नाव घेतलं, गाठ सोडवली आणि माझ्याकडे न पाठवता प्रत्येकीला आपल्याच मांडीवर घेतलं.