सोळा गोळ्यांपासून एका गोळीपर्यंत

ह्यांनी माझ्यावर पहिल्यांदा हात उचलला तो आमच्या गिरणीत, भर दुपारी, दळण घ्यायला आलेल्या सात-आठ बायकांसमोर. मी शाळेतून डबा घेऊन गेले होते. आधी दोन घास खाऊन घ्या, गिरणी मी बघते, एवढंच म्हणाले. ह्यांनी तराजूतलं दोन किलोचं लोखंडी वजन उचललं आणि माझ्या तोंडावर हाणलं. मी हात आडवा घातला म्हणून तोंड वाचलं, मनगट मोडलं. मी खाली पडले तर पोटात लाथा घातल्या. बायका ओरडत होत्या, पण गिरणी चालूच होती, त्यामुळे नुसती तोंडं उघडलेली दिसत होती. पीठ रक्तात कालवलं गेलं. एका बाईनं खटका खाली ओढला तेव्हा गिरणी थांबली आणि मला माझाच आवाज ऐकू आला.

लग्नाला सात वर्षं झाली होती. तोवर ह्यांनी मला वाकड्या शब्दानं सुद्धा कधी दुखावलं नव्हतं. शिंदखेड्याजवळच्या आमच्या गावात गिरणीवाला म्हणजे हसतमुख माणूस, मापात कधी खोट नाही, म्हाताऱ्या बाईचं दळण स्वतः घरी पोचवणारा, असं नाव होतं. ऐंशीच्या दशकातली शेवटची वर्षं ती. मी गावातल्याच जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवत होते.

त्या वर्षी ह्यांच्या तोंडात फोड आले. मिरची दळून आलेत, असं सगळे म्हणाले. दोन महिने तूप लावलं, तुरटीच्या गुळण्या केल्या. मग पाठीवर, छातीवर, काखेत फोड उठले, पाण्याने भरलेले, बोट लागलं तरी कातडी सोलून निघे. सकाळी चादर पाठीला चिकटलेली असायची आणि ती मी कोमट पाण्याने भिजवून सोडवायचे. भाकर गिळता येईना. तेव्हा धुळ्याला नेलं. तिथल्या कातडीच्या डॉक्टरीणबाईंनी तुकडा काढून तपासला आणि पेम्फिगस असं नाव सांगितलं. शरीराचं सैन्य स्वतःच्याच कातडीवर उलटलंय, असं त्या म्हणाल्या. सैन्याला आवरायला स्टेरॉइड. रोज सकाळी खाल्ल्यावर सोळा गोळ्या, आणि न विचारता एकही कमी करायची नाही.

तीन आठवड्यांत नवे फोड यायचे थांबले. आम्हाला देव भेटल्यासारखं झालं. पण ह्यांचा चेहरा गोल झाला, भूक एवढी वाढली की एका बैठकीला सहा भाकरी कमी पडत. झोप गेली. बोलणं थांबेना. शेजारी आपली वीज चोरतो, बायको भाजीत काहीतरी घालते, असं सुरू झालं. हे सगळं आजारपणाच्या वैतागातून होतंय असं मी धरून चालले. डॉक्टरीणबाईंना सांगायला हवं हे मला सुचलंच नाही. आणि मग ते वजन.

त्या दुपारी मोठे दीर चार माणसं घेऊन धावत आले. ह्यांनी एकाच्या दंडाचा लचका तोडला, दुसऱ्याच्या डोक्यात खोरं घातलं. शेवटी दोरांनी आवळून गिरणीबाहेरच्या खांबाला बांधलं आणि मग सगळ्यांनी मिळून मारलं. काठीनं, चपलेनं, हाताला येईल त्यानं. नुकती भरलेली कातडी दोराखाली सोलून निघाली. खरं सांगते, पहिल्या चार-पाच काठ्या पडल्या तेव्हा मला बरं वाटलं. त्यानंतर नाही वाटलं, पण मी थांबवायला पुढेही गेले नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी भूत उतरवायला भगत आला. ह्यांना खांबावरून सोडलंच नव्हतं. समोर घमेल्यात निखारे ठेवून त्यावर आमच्याच गिरणीतल्या मिरच्या टाकल्या आणि ह्यांचं डोकं केसांना धरून धुरात दाबलं. तू कोण आहेस, कुठून आलास, असं विचारत भगत पाठीवर वेताची छडी मारत होता. हे खोकून खोकून रक्त थुंकले. आदल्या संध्याकाळी प्लॅस्टर घातलेला हात गळ्यात अडकवून मी ओट्यावर बसले होते. माझे सासरे, आम्ही त्यांना आबा म्हणायचो, ते एकटे म्हणाले की हे भूत नाही, ह्या गोळ्यांचंच काम आहे. त्यात ते बरोबर होते. पण पुढे त्यांनी जे केलं त्यानं मुलगा जवळजवळ गेलाच होता.

"त्या गोया बठ्ठ्या फेकी द्या," ते दिरांना म्हणाले. आणि गोळ्यांचे दोन्ही डबे गटारात रिकामे झाले.

दोन दिवस हे शांत पडून होते. आम्हाला वाटलं, उतरलं. चौथ्या दिवशी उलट्या सुरू झाल्या, हातपाय गार पडले, डोळे उघडेनात, आणि मांड्यांवर फोड पुन्हा तरारले. जीप करून धुळ्याला नेलं. वाटेत ह्यांची नाडी मला सापडत नव्हती.

डॉक्टरीणबाईंनी आधी सलाइन आणि इंजेक्शन दिलं, नाडी परत आली, आणि मग त्या आमच्यावर तुटून पडल्या. मनगटावरचे दोराचे वळ, पाठीवरच्या छड्या, माझं प्लॅस्टर, सगळं त्यांनी बघितलं. माणसाचं शरीर रोज थोडं स्टेरॉइड आपणहून बनवतं, बाहेरून एवढं मिळायला लागल्यावर ते बनवायचं सोडतं, मग बाहेरचंही एकदम तोडलं तर माणूस असा कोसळतो, हे त्यांनी आबांना समोर बसवून समजावलं. आणि एवढ्या डोसवर काही जणांचं डोकं असं भडकतं, हे मला तेव्हाच का नाही कळवलंत, असं मला विचारलं.

म्हणजे कोंडी अशी होती. गोळ्या द्याव्यात तर हे माणसं मारतील, न द्याव्यात तर हे मरतील. पहिले तीन दिवस वॉर्डात ह्यांचे हात बँडेजच्या पट्ट्यांनी खाटेला बांधून ठेवले होते. तरी एक हात सोडवून ह्यांनी सलाइनची काचेची बाटली फोडली आणि वॉर्डबॉयच्या मानेवर मारली. चार बोटं खाली लागली म्हणून तो वाचला. मनोविकाराच्या डॉक्टरांनी डोकं शांत ठेवायचं औषध सुरू केलं तेव्हा कुठे वॉर्डातली माणसं जवळून जाऊ लागली.

चौथ्या दिवशी डॉक्टरीणबाईंनी केसपेपरवर इंग्रजीत एक ओळ लिहिली. मी ती उतरवून घेतली. स्टेरॉइड-स्पेअरिंग एजंट, आणि पुढे एका गोळीचं नाव, अझाथायोप्रिन. दिरांना त्यातला एजंट हा शब्द तेवढा कळला आणि मधे कोणी दलाल आहे का, असं त्यांनी गंभीरपणे विचारलं. मी शाळेत गेल्यावर कपाटातला शब्दकोश काढला. स्पेअर म्हणजे जीव वाचवणे, सोडून देणे, दया करणे. मला एवढा आनंद झाला की मी वर्गात तशीच उभी राहिले. ह्या गोळीनं स्टेरॉइडपासून सुटका होणार, आता सोळा गोळ्या बंद, असाच मी अर्थ लावला.

पुढच्या खेपेला मी तसं बोलून दाखवलं तेव्हा बाईंनी खुर्ची पुढे ओढली.

"सोडून देणे नाही. काटकसर करणे," त्या म्हणाल्या. "ही गोळी स्टेरॉइडच्या जागी बसत नाही. ती हळूहळू तेच सैन्य आवरायला लागते, म्हणून स्टेरॉइड कमी लागतं. काम सुरू व्हायला दोन-तीन महिने घेते. तोपर्यंत दोन्ही."

मी विचारलं, मग स्टेरॉइड-स्पेअरिंग हे ह्या गोळीचं नाव आहे का. त्या म्हणाल्या, नाव नाही, ते तिचं काम आहे. हीच गोळी मूत्रपिंड बदललेल्या माणसाला वेगळ्या कारणासाठी देतात, आणि दुसऱ्या एखाद्या आजारात हेच काम वेगळंच औषध करतं. त्यांनी बजावलं की बाजारात कोणी बिनस्टेरॉइडची पुडी म्हणून काही दिलं तर ते हे नव्हे, आणि कित्येक वेळा त्या पुडीतच स्टेरॉइड असतं. शिवाय हीसुद्धा साधी गोळी नाही. ती रक्तातल्या पांढऱ्या पेशी खाली आणू शकते, म्हणून सुरुवातीला दर पंधरा दिवसांनी रक्त तपासायचं. ताप आला तर त्याच दिवशी यायचं.

मी तसं केलं. मोडलेलं मनगट वाकडं जुळलं होतं, त्या हातानं मी वहीत गोळ्या लिहीत गेले. सोळाच्या बारा, बाराच्या दहा. एकदा मधेच पांढऱ्या पेशी उतरल्या आणि नवी गोळी पंधरा दिवस थांबवावी लागली, फोड डोकं वर काढू लागले, पुन्हा सुरू केली. ह्यांच्या उशाजवळ विळा, खोरं, वजन असं काही राहू द्यायचं नाही हे घरात सगळ्यांना पाठ झालं होतं. आठ गोळ्यांवर आले तेव्हा ह्यांना झोप लागली. एका सकाळी माझा हात हातात घेऊन हाड कुठं उंच राहिलंय ते ह्यांनी चाचपून पाहिलं.

"माले काहीच याद नही," हे म्हणाले, आणि रडले.

मी तो सगळा मार गोळ्यांच्या खात्यावर टाकला. टाकायलाच हवा होता, कारण तो गोळ्यांचाच होता. गावानंही तसंच केलं. लचका तोडलेला माणूस पुन्हा दळण घेऊन यायला लागला.

दीड वर्षानं हे स्टेरॉइडच्या एका गोळीवर आले. कातडी भरली, चेहरा पहिल्यासारखा झाला, गिरणी पुन्हा ह्यांच्याच हाती. एकदा तपासणीला दीर बरोबर होते. बाईंनी जुन्या दिवसांचं विचारलं तेव्हा मी वजनाचं, लाथांचं, सगळं सांगितलं. हे खाली मान घालून ऐकत होते. घरी आल्यावर मी चूल पेटवायला वाकले तर ह्यांनी मागून केस धरून मला भिंतीवर आदळलं आणि कानशिलात दोन ठेवून दिल्या. चारचौघात माझी अब्रू काढलीस, असं दात आवळून म्हणाले. कानातून रक्त आलं. मग हे ओट्यावर जाऊन बसले, आणि आबा आत आले तेव्हा शांतपणे सांगितलं, "गोयीनी डोकं फिरी गयं."

आबांनी मान हलवली. मलाही क्षणभर मान हलवावीशी वाटली. त्यात सोय होती.

दुसऱ्या दिवशी मी एकटी एसटीनं धुळ्याला गेले. बाईंनी कान तपासला, पडदा फाटला होता. मी विचारलं, हे एका गोळीनं झालं का. त्यांनी केसपेपरवरचा डोस पुन्हा वाचला.

"एका गोळीवर असं होत नाही," त्या म्हणाल्या. "ही मोठ्या डोसची गोष्ट आहे. मी हे गोळीच्या नावावर लिहून देणार नाही."

मी गावाला परतलेच नाही. शाळेत रजेचा अर्ज पाठवला आणि साक्रीला माझ्या थोरल्या भावाकडे गेले. अडीच महिने तिथे राहिले. हे दोनदा आले, दोन्ही वेळा आजाराचं सांगत राहिले, आणि मी दोन्ही वेळा आतून कडी लावून घेतली. तिसऱ्यांदा आठवडे बाजाराच्या दिवशी आले, आबांना घेऊन. भावाच्या अंगणात खाट टाकली होती. मी दारात उभी राहिले आणि सांगितलं की सोळा गोळ्यांवर जे झालं त्याचा मी कधी शब्द काढणार नाही. पण एका गोळीवर जे झालं ते कोणी केलं, हे आबांसमोर सांगा.

हे खाटेवर बसले नव्हते, उभेच होते. बाजारातली माणसं कुंपणाबाहेरून जात होती.

"ती गोयी नही व्हती, आबा," हे म्हणाले. "तो मार मन्हा व्हता."

आबांनी पायातला जोडा काढून पोटच्या पोराला तिथेच दोन मारले. मी तेव्हाही अडवलं नाही.

मी परत गेले. ह्यांच्या गोळ्या पुढे दोन वर्षांनी पूर्ण थांबल्या, आधी स्टेरॉइड, मग दुसरी, आणि फोड पुन्हा आले नाहीत. माझ्यावर ह्यांनी परत हात उचलला नाही. संसार झाला, चांगलाही झाला म्हणायचा. डाव्या कानानं मला ऐकू येत नाही, म्हणून हे नेहमी उजव्या बाजूला बसतात. ते ह्यांना कोणी सांगितलं नव्हतं.