मोनिकव्वा

माझ्या जन्माच्या वेळी आई अडली होती. वडील होटगीला रेल्वेच्या लाइनीवर कामाला. त्यांनी तिला सोलापूरच्या दवाखान्यात आणलं, आणि तिथं एक केरळी नर्स ड्युटी संपल्यावरही घरी गेली नाही. आईची सुटका होईपर्यंत ती तिचा हात धरून बसली. वडिलांनी जाताना संकोचतच विचारलं, "सिस्टर, तुमचं नाव काय?"

"मोनिका."

बारशाला तेच नाव माझ्या कानात सांगायचं ठरलं. आत्या अडून बसली. "ह्ये कुटल्या देवाचं नाव हाय?"

"देवाचं न्हाय, मानसाचं हाय," वडील म्हणाले, आणि आत्यानं ते माझ्या कानात सांगितलं.

गावानं ते आपल्या जिभेला सोसेल तसं वळवून घेतलं. कुणी मनिका म्हणे, कुणी मोनका. शेजारची म्हातारी तर मेनकाच म्हणायची आणि नाव छान आहे म्हणायची. सोलापूरला कॉलेजात गेले तेव्हा वर्गात आणखी दोन मोनिका निघाल्या. एक ख्रिस्ती घरातली, दुसरीच्या आईला ते टीव्हीवर ऐकून आवडलेलं. तिघींपैकी एकीलाही अर्थ माहीत नव्हता. शेवटी इंग्रजीच्या मॅडमनी मला ग्रंथालयातला नावांचा जाडजूड कोश दाखवला.

लॅटिनमध्ये एक क्रियापद आहे, त्याचा अर्थ सावध करणं, चार शब्द सांगणं. नाव त्यावरून आलं असं म्हणतात. पण पुढं लिहिलं होतं की हा अर्थ बहुधा मागाहून चिकटला. नाव मूळचं उत्तर आफ्रिकेतलं, रोमन लोक तिथं पोचण्याच्याही आधीचं असावं, आणि त्याचा खरा अर्थ आता कुणालाच ठाऊक नाही. मला ते वाचून बरं वाटलं. म्हणजे रोमनांनीही होटगीसारखंच केलं होतं, ऐकलेलं नाव आपल्या भाषेत बसवून घेतलं होतं. या नावाची एक बाई पुढं संत मानली गेली, म्हणून ते युरोपभर गेलं, चर्चबरोबर केरळात आलं आणि तिथून आमच्या घरी.

लग्न दुधनीला ठरलं. घर भुसार व्यापाऱ्यांचं, बोलणं अर्धं कानडी, अर्धं मराठी. घरात आल्यावर नवरीचं नाव बदलायची त्यांची रीत. ताटात तांदूळ पसरलेले, आणि सासूबाईंनी एका देवीचं नाव आधीच काढून ठेवलेलं. नवऱ्यानं अंगठी तांदळात टेकवली आणि तो थांबला. हळूच म्हणाला, "तुला काय पाहिजे?"

"आहे तेच राहू दे."

त्यानं तेच लिहिलं. सासूबाई रागावल्या नाहीत, पण नाव काही त्यांच्या तोंडी येईना. कामापुरतं "अगं" म्हणायच्या, लोकांसमोर "सूनबाई". मी त्यांना तिकडच्या पद्धतीनं अत्ती म्हणायचे. धाकटा दीर त्यांच्याशी भांडून पुण्याला गेला होता. त्याला दुकानात बसायचं नव्हतं. तो फोन करत नव्हता, आणि त्याही करत नव्हत्या.

एका दुपारी आम्ही दोघी सोप्यात तूर निवडत होतो. अचानक त्यांनी विचारलं, "तुज्या नावाला काय अर्थ तरी हाय का?"

मी कोशातलं सांगितलं. मग त्या संत बाईची गोष्ट सांगितली. तिचा मुलगा हुशार, पण आईचं ऐकेना. तिला चुकवून जहाजानं निघून गेला. ती मागोमाग समुद्र ओलांडून गेली.

त्यांचे हात थांबले. "मंग? गावला का पोरगा?"

"गावला की. पुढं मोठा विद्वान झाला."

"तिनं बोलून बोलून वळिवला असंल."

"बोलून झालं होतं, अत्ती. ती नुसती त्याच्याजवळ जाऊन राहिली."

त्यांनी सूप बाजूला ठेवलं. म्हणाल्या, "त्याला फोन लाव."

मी दिराला फोन लावून त्यांच्या हातात दिला. पलीकडून त्याचा "हॅलो" ऐकू आला. "ऊटा आतेनप्पा?" त्यांनी विचारलं. जेवलास का, एवढंच. दुकानाचं नाव काढलं नाही. तो काय म्हणाला ते मला कळलं नाही, पण पदर डोळ्यांना लावून त्या बराच वेळ ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, "मोनिकव्वानं लावून दिला फोन."

तिकडं बाईच्या नावाला मायेनं, मानानं अव्वा जोडतात. मी खाली मान घालून तूर निवडत राहिले, पण तुरीतले खडे मला दिसत नव्हते.

दीर दिवाळीला आला. नोकरी पुण्यातच करतो, पण फोन रोज करतो. पुढं त्याचं लग्न झालं, गेल्या वर्षी मुलगी झाली आणि बारशाला नावावरून घरात दोन तट पडले. कुणाला जुनं नाव हवं होतं, कुणाला मोबाइलवर सापडलेलं. अत्ती नातीला मांडीवर घेऊन ऐकत होत्या.

"तुमाला आवडंल ते ठेवा," त्या म्हणाल्या. "पन एकदा ठिवलं की ठिवलं. उद्या लग्नात कुनी बदला म्हनलं, तर मी हाय."

दीर हसला. "तवर तू असशील का?"

"असंन की," त्या म्हणाल्या आणि बाळाचं टोपडं नीट करू लागल्या.