रजियाबी आणि पुण्याची रजई

रजियाबीवर कोणी काही लिहावं असं तिला कधी वाटणार नाही, आणि ते मी लिहावं असं तर कोणालाच वाटणार नाही. मी जन्मभर सरकारी कागदांवर ‘सादर’ एवढंच लिहीत आलो. पण फेब्रुवारीत जे घडलं ते गल्लीत चार तऱ्हांनी सांगितलं जातं, आणि चारही तऱ्हांत मीच बावळट ठरतो. खरी हकीकतही तशीच आहे, पण निदान ती पूर्ण तरी असावी.

अकोल्याच्या जुन्या शहरात रजियाबीचं घर आमच्या घराला लागून आहे. मधे कंबरेएवढी भिंत. त्या भिंतीवरून चाळीस वर्षं कोथिंबीर, शिरखुर्मा, दिवाळीचा चिवडा आणि गल्लीतल्या बातम्या ये-जा करतात. रजियाबी मूळची बार्शीटाकळीची. सतराव्या वर्षी लग्न होऊन इथे आली. तिचा नवरा बशीर पिंजारी. हिवाळा तोंडावर आला की तो खांद्यावर धनुष्यासारखं पिंजण टाकून निघायचा. पिंजणाची तात वाजली की बाया घरातल्या जुन्या रजया बाहेर काढायच्या. अंगणात बशीरभाई कापूस पिंजायचा आणि रजियाबी ओट्यावर बसून टाके घालायची. पुढे मशीन आली, पिंजण खुंटीला लागलं. बशीरभाई जाऊन नऊ वर्षं झाली. आता गादीचं दुकान तिची सून अमरीन चालवते. रजियाबी सत्तरीची झाली, तरी सुईत दोरा चष्म्याशिवाय ओवते आणि सगळ्यांना दाखवून ओवते.

तिच्या हातचे टाके नाहीत असं घर आमच्या गल्लीत नाही. त्यामुळे कोणाच्या घरात कोण पलंगावर तंबाखू खातो, कोणाचा मुलगा आठवीपर्यंत अंथरूण ओलं करायचा, हे सगळं तिला ठाऊक. “रजई खोलली की माणूस खोलतो, भाऊ,” असं ती म्हणते. खोड्याही तिथेच करते. एका चिकट माणसाने कापूस कमी घालायला सांगितला, तर तिने वरचा भाग भरगच्च भरला आणि पायाकडे पातळ ठेवला. चहाड्या करणाऱ्या एका बाईच्या रजईत मधोमध चार सरक्या शिवून टाकल्या. ती बाई तीन हिवाळे कूस बदलत राहिली.

आता माझं. माझी बायको कौशल्या हिला एप्रिलमध्ये भजनी मंडळाच्या बायांबरोबर बावीस दिवसांच्या यात्रेला जायचं होतं. प्रश्न माझा होता. एक्केचाळीस वर्षांत मी दोन दिवसांवर कधी एकटा राहिलो नाही. मुलगा किशोर म्हणाला, बाबांना पुण्याला आणून ठेवा. किशोरचं घर अकराव्या मजल्यावर आहे. तिथे खाली जायचं तर लिफ्ट, वर यायचं तर लिफ्ट, आणि लिफ्टमध्ये अनोळखी माणसं आपल्याकडे बघून हसतात. मी म्हटलं, मी इथेच राहीन. कौशल्या म्हणाली, “पाहू. मी आठ दिवस अमरावतीले सीमाकडे जातो. घर नीट ठेवलं तर इथं राहा. नाही तर पुणं.”

सीमा आमची मुलगी. रविवारी परत येताना कौशल्या सीमाच्या सासूला, माणिकबाईंना, घेऊन येणार होती. त्यांना शेगावला दर्शनाला जायचं होतं. त्यांच्यासाठी किशोरने पाठवलेली मोठी रजई राखून ठेवली होती. त्याला तो कम्फर्टर म्हणतो. दुहेरी पलंग भरून खाली लोंबेल एवढी मोठी, दुधासारखी पांढरी, आणि वजनाला कोंबडीएवढी. पारदर्शक चेनच्या पिशवीत ती दिवाणात ठेवलेली होती.

“अजी, हिले हात लावू नका,” कौशल्या बसमध्ये चढताना म्हणाली.

मी तीन दिवस हात लावला नाही. चौथ्या दिवशी, बुधवारी, पाहुण्यांसाठी ती एकदा अंथरून तर पाहावी असं मनात आलं. अंथरली. अंथरली म्हणून वर बसलो. बसलो म्हणून टीव्ही लावला. खानावळीच्या मैनाबाईंनी डब्यात पातोडीचा, म्हणजे बेसनाच्या वड्यांचा, रस्सा पाठवला होता, तो तिथेच घेऊन बसलो. पुढचं सांगायला नको. वाटी कलंडली आणि तर्रीचा एक ओघळ थेट उशीपासून मध्यापर्यंत गेला.

घाईघाईत मी साबण लावला. पिवळा डाग लाल झाला. अजून साबण लावला, अजून लाल झाला. आता ती रजई रजई दिसत नव्हती, पंचनाम्याला ठेवलेला पुरावा दिसत होती. भिंतीपलीकडून आवाज आला, “काहून भाऊ, बकरा कापला काय घरात?”

रजियाबी भिंतीवर कोपर टेकून पाहत होती. मी तिला यात्रा, पुणं, लिफ्ट सगळं सांगितलं. तिने पदराने डोळे पुसले. मला वाटलं दया आली. ती हसत होती.

“हळदीले साबण लावते काय कोणी? हळद फक्त उन्हाले भेते. द्या इकडे. तुमी रिठे घेऊन या. भाबीले काही कळत नाही. रविवार लय दूर आहे.”

मी बाजारातून रिठे घेऊन, दोन ओळखीच्यांना चुकवून, तासाभराने परत आलो. तोवर रजियाबीने ब्लेडने रजईचे सगळेच्या सगळे टाके उसवले होते. मी ओट्याजवळ उभाच राहिलो.

“हे काहून केलं?”

“मंग? रुईले पाणी दाखवाचं नसते. आधी रुई काढाची, खोळ धुवाची, रुई पिंजाची, पुन्हा भराची. पन्नास वर्ष हेच करून राह्यलो.”

वऱ्हाडात कोणीही हेच केलं असतं, मीसुद्धा. कापसाची रजई पाण्यात घातली की तिचे गोळे होतात, हे आमच्याकडे पोरासोरांना कळतं. अडचण एवढीच की तिच्यात कापूस नव्हता. आतून भसाभसा पांढरं, चकचकीत, केसांसारखं काहीतरी निघालं होतं आणि मोकळं झाल्यावर फुगत चाललं होतं. ओटा भरला, पायरी भरली. एक पुंजका वाऱ्यावर उडून समोरच्यांच्या तुळशीत जाऊन बसला.

रजियाबीने चिमूटभर घेऊन बोटात चोळलं, वास घेतला, जिभेलाही लावून पाहिलं. “या अल्ला! हे तर पिलास्टिक आहे. पुण्याचे लोक पिलास्टिक पांघरून झोपते?”

अमरीन दुकानातून जेवायला आली होती. तिने खोळीच्या कोपऱ्यात शिवलेली बोटभर चिठ्ठी उलटी करून पाहिली. तिच्यावर टबात बुडवलेल्या हाताचं चित्र होतं.

“अम्मी, ही तर आख्खी टबात धुता येते. खोलायचीच नव्हती.”

मग रजियाबी माझ्याकडे वळली. “भाऊ, तुमी शिकलेले. तुमाले हे आधी काहून नाही दिसलं?”

मी कबूल केलं की नाही दिसलं. तिने माफ केल्यासारखी मान हलवली.

खोळ मात्र तिने सुरेख धुतली. गच्चीवर मोठ्या टबात रिठ्याच्या पाण्यात भिजवून मला आत उभं केलं आणि पायांनी तुडवायला लावलं. “जोरानं! बायकोले भेता तसं नका भेऊ!” पलीकडच्या गच्चीवरच्या बाया वाळवण सोडून माझ्याकडे पाहत होत्या. मग खोळ गच्चीवर डागाची बाजू वर करून पसरली, कोपऱ्यांवर विटा ठेवल्या. दर तासाला रजियाबी त्यावर पाणी शिंपडायची आणि पुन्हा तापू द्यायची. चारपर्यंत लाल डागाचा पिवळा झाला, दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत पिवळ्याचं काहीच राहिलं नाही. अकोल्याच्या उन्हाबद्दल मी आयुष्यात पहिल्यांदा चांगलं बोललो.

संध्याकाळी कौशल्याचा फोन आला. “रजई ठीक आहे ना?”

“तिला ऊन दाखवलं,” मी म्हणालो. हे खोटं नव्हतं.

शुक्रवारी रजियाबीने ते प्लास्टिकचं भरण पिंजायच्या मशीनमध्ये घातलं. अमरीन नको म्हणत होती. “जे दबते ते पिंजल्यावर फुलते,” म्हणत तिने घातलंच. दोन मिनिटांत ते रुळाला गुंडाळून बसलं, जळक्या प्लास्टिकचा वास सुटला, अमरीनने खटका बंद केला आणि पुढचे तीन तास सासू-सून कात्रीने रूळ सोडवत होत्या. मी बाहेर बाकावर बसून पुण्यातल्या लिफ्टचा विचार करत होतो. बटण कोणी दाबायचं, आत शिरल्यावर तोंड कुठे करायचं, असा.

“उठा,” रजियाबी बाहेर येऊन म्हणाली. तिच्या भुवयांवर पांढरं चिकटलं होतं. “आता खरी रजई भरतो. तेल्हाऱ्याच्या कास्तकाराची रुई आली आहे. लांब धाग्याची.”

“पण कौशल्याला वजन कळेल.”

“पांघरणारीले कळलं पाह्यजे की अंगावर काही आहे. ती काय रजई होती? गुब्बारा होता.”

शनिवारी दिवसभर ती ओट्यावर बसून होती. खोळ उलटी पसरली, तिच्यावर कापूस अंथरला, बारीक काठीने थापटून सारखा केला, मग एका टोकापासून गुंडाळत नेऊन असा काही हात फिरवला की कापूस आत आणि खोळ सुलटी बाहेर. हे मी चाळीस वर्षं पाहतो आहे, अजून कळलेलं नाही. नंतर टाके. किशोरच्या रजईवर साधे चौकोन होते. मी हळूच आठवण करून दिली. ती म्हणाली, चौकोन तर मशीनही घालते. तिने मधोमध आठ पाकळ्यांचं फूल काढलं आणि कडेने लाटा.

“रजियाबी, हे ओळखू येईल!”

“हात ऐकत नाही, भाऊ. मी काय करू?”

रजई तयार झाली. सुंदर होती. सहा किलो होती. पारदर्शक पिशवीत ती जाईना. रजियाबी वर बसली, मी वर बसलो, अमरीनने चेन ओढली. चेन अर्ध्यावर आली आणि दात विचकून उघडली. शेवटी रजियाबीने जुन्या धुतलेल्या लुगड्यात तिचं गाठोडं बांधलं, आत वाळलेला कडुलिंबाचा पाला टाकला आणि दिवाणात ढकललं. “डांबराच्या गोळ्या नका ठेवू. पाहुण्यांच्या नाकात जाते.”

रविवारी दुपारी दोघी आल्या. कौशल्याने घर पाहिलं, ओटा पाहिला, भांडी पाहिली. माझ्याकडे पाहून बरं म्हटल्यासारखं केलं. दिवेलागणीला माणिकबाईंचं अंथरूण घालायला तिने दिवाण उघडला. गाठोडं उचललं आणि तिचे दोन्ही हात खाली गेले. तिने गाठ सोडली, फुलावरून एकदा बोट फिरवलं. मी वर्तमानपत्रातलं बाजारभावाचं पान दुसऱ्यांदा वाचायला घेतलं. ती एक शब्द बोलली नाही. एक्केचाळीस वर्षांच्या अनुभवावरून सांगतो, यापेक्षा बोललेलं बरं.

सकाळी माणिकबाई उठल्या त्या आठला. “विहीणबाई, अशी झोप मले लग्नाच्या आधी लागत होती! हे पुण्याले कोणत्या दुकानात भेटते?”

कौशल्या भिंतीशी गेली. “आपा, ओ आपा! चहाले या.”

रजियाबी आली. चेहरा असा, की जन्मात कापूस पाहिलेला नाही.

“आपा, विहीणबाईले पुण्याची रजई लय आवडली. पुण्यात कोण पिंजत असन हो एवढं चांगलं?”

“असन एखादी बुढी,” रजियाबी बशीत फुंकर घालत म्हणाली.

माणिकबाई आंघोळीला गेल्या. मोरीचं दार लागल्याबरोबर कौशल्या म्हणाली, “आता बोला.”

“भाबी, भाऊचा काही कसूर नाही,” रजियाबीने ताबडतोब सुरुवात केली. “मांजर आली. लाल मांजर. तिच्या तोंडात पातोडी होती...”

मला ते ऐकवेना. माझ्यासाठी तिने मशीन आणि चार दिवस खर्ची घातले होते, आता एक मांजरही खर्ची घालायला निघाली होती. “पातोडी मी सांडली,” मी म्हणालो. “पलंगावर बसून. साबणही मीच लावला. पुण्याची तिकिटं काढ.”

कौशल्याने मला आणि रजियाबीला वरपासून खालपर्यंत पाहिलं. मग रजईकडे पाहिलं. तिच्या ओठांचा कोपरा हलला, पण तिने तो जागेवर आणला.

“पुण्याले नाही पाठवत. तिथं सून बिचारी एकटी. बावीस दिवसांत तुमी तिच्या घरातलं काय काय उसवसान, त्याचा नेम नाही. इथंच राहा. इथं उसवलं तर शिवणारी तरी आहे. पण आपा, ह्यांचं ताट पलंगावर दिसलं तर?”

“तर मी ताट उचलून घेईन, भाबी. अन् रस्सा पिऊन घेईन. कसम.”

माणिकबाईंनी जाताना दोन रजया सांगितल्या. किशोरचा फोन आला तेव्हा कौशल्याने त्याला कळवलं, “लय गरम आहे बाप्पा तुह्यी रजई. दोघं जण लागते उचलाले.” त्याने पलीकडून दोनदा विचारलं, कोणती रजई?

आज यात्रेचा नववा दिवस. मी टेबलाशी बसून हे लिहितो आहे. जेवलोही टेबलाशीच. रजियाबी भिंतीवरून सकाळपासून तिसऱ्यांदा डोकावली.

“काय लिहून राह्यले, भाऊ?”

“काही नाही. अर्ज आहे.”

“माही तक्रार तर नाही ना करून राह्यले?” ती म्हणाली, आणि उत्तराची वाट न पाहता माझ्या खिडकीत वाळत घातलेला उशीचा अभ्रा ओढून त्याची शिवण तपासू लागली.