लेसिथिन अंड्याचं नाही, एवढं सांगायला इंदूर

लोक इंदूरला खायला जातात. मी गेले चॉकलेटच्या वेष्टनावरचा एक शब्द समजावून सांगायला.

माझी धाकटी बहीण मंदा इंदूरच्या पलासिया भागात घरी चॉकलेटं करते. साखरपुड्याची पहिली मोठी ऑर्डर मिळाली आणि नवरीच्या आजीने, आईसाहेबांनी, तिच्या कच्च्या चॉकलेटच्या वेष्टनावर 'लेसिथिन' वाचलं. "हे अंड्यातून काढतात. साखरपुडा एकादशीचा, अर्धं घर उपवासाचं, म्हणून तर चॉकलेट ठरवलं. कॅन्सल!" वेष्टनावरच्या शाकाहाराच्या हिरव्या टिकलीवर त्यांचा विश्वास नाही. मंदा फोनवर रडायला लागली. मी रसायनशास्त्राची पदवीधर, बॅग भरली.

नाशिकहून सकाळची बस धरलीत तर धुळे, सेंधवा करत संध्याकाळी पोहोचता. बिजासन घाटात ट्रक अडकतात, पाणी जवळ ठेवा. ढाब्यावर चहा मागितला, साखरेचा पाक मिळाला.

दुसऱ्या दिवशी कोपऱ्यावर पोहे. "शेव नको," म्हटलं तर दुकानदार म्हणाला, "दीदी, तबियत खराब है क्या?"

आईसाहेबांना लेसिथिन स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. मंदाचे भाडेकरू दुबेजी महूच्या रस्त्यावर सोयाबीन तेलाच्या कारखान्यात सुपरवायझर आहेत. आम्ही तिघी टॅक्सीने निघालो. टॅक्सीचे पैसे आधी ठरवा, नाहीतर परतताना वाद होतो. आमचा झालाच.

कारखान्यात कच्च्या तेलात गरम पाणी घालून ते गरगर फिरवतात. चिकट गाळ वेगळा होतो, तो वाळवला की लेसिथिन: काकवीसारखं दाट, तपकिरी. तेल-पाण्याचं जमवून देणं हे त्याचं काम, म्हणून ते चॉकलेटपासून रंगापर्यंत सगळीकडे लागतं. वितळलेलं चॉकलेट त्याच्यामुळे साच्यात नीट पसरतं. अंड्यातही असतं, पण इथलं सोयाबीनचं. हे मी तीनदा सांगितलं.

आईसाहेबांनी बोटावर घेऊन वास घेतला. "बिल्कुल अंडं नाही?"

"एक भी नहीं, माँजी," दुबेजी म्हणाले.

"पक्कं सोयाबीन?"

"पक्कं!" मी विजयाने म्हणाले.

"म्हणजे दालच झाली ना, ताई? दाल उपवासाला कशी चालणार?"

मंदाने माझ्याकडे असं बघितलं, जणू ऑर्डर मीच बुडवली. लेसिथिन चिमूटभर असतं, हे मी महूपासून पलासियापर्यंत ऐकवलं. आईसाहेब खिडकीबाहेर बघत होत्या. दारात उतरता उतरता म्हणाल्या, "मंदा, दुसऱ्या दिवशी पारण्याला वाटू. पण डबे चांगले घे हं." ऑर्डर वाचली. माझ्या रसायनशास्त्राचा तिच्याशी काही संबंध नव्हता.

घरी परतले. आज एकादशी, सासूबाई होत्या तेव्हापासून सवयीने करते, श्रद्धा वगैरे काही नाही. मंदाने दिलेला डबा सकाळी उघडला, एक चॉकलेट उचललं आणि थांबले.

दालच झाली ना, ताई?

डब्याला झाकण लावलं. उद्या खाईन.